गोळे आणि फुल्या

४ फेब्रुवारी

चि. भाचेबुवा,

सकाळी साडेआठला प्रयोगशाळेत गेले. बेचाळीस नमुने आले होते, त्यातले सहा पुन्हा लावावे लागले. दुपारी डबा खाल्ला. पाचला घरी आले तर दारात तुझं पाकीट पडलेलं. आत एक छापील फॉर्म, सहीच्या जागी पेन्सिलीची खूण आणि तुझी चार ओळींची चिठ्ठी. आजचा दिवस एवढाच.

तुझे मामा जाऊन आज सव्वीस दिवस झाले. दवाखान्यातल्या कान तपासायच्या त्यांच्या बंद खोलीत, खुर्चीवरच गेले. आवाज आतबाहेर होऊ नये म्हणूनच ती खोली बांधलेली, त्यामुळं कुणाला काही कळलं नाही. संध्याकाळी झाडायला बाई आली तेव्हा कळलं. तू आला नाहीस. तुझी आई म्हणाली, “त्याचं शूटिंग चालू आहे वहिनी, निरोप ठेवलाय.” निरोप पोचला असावा, कारण फॉर्मवर त्यांच्या नावापुढं ‘मयत’ हा शब्द तू अगदी वळणदार अक्षरात लिहिला आहेस.

चिठ्ठीत तू म्हणतोस की मामा ‘एका भूमिगत ध्वनि-समुदायाचे घटक’ होते, तू दीड वर्ष त्यांना कॅमेऱ्यात टिपत होतास, आणि आता वारस म्हणून माझी परवानगी हवी. यातला ‘वारस’ एवढाच शब्द मला कळला. तुझे मामा दर शनिवारी दुपारी बुद्धिबळ खेळायला जायचे आणि सातला परत यायचे. घटक वगैरे ते कशाचेही नव्हते. माणूस चुकला असेल तर नीट बघ, आणि नसेल तर सरळ भाषेत लिही.

फोन न ठेवण्याचं तुझं तत्त्व आहे म्हणून हे कागदावर. ते तत्त्व तुला झेपतं, कारण तुझे सगळे फोन तुझी आई घेते.

आशीर्वाद नेहमीचे समज.

मामी


९ फेब्रुवारी

मामी,

‘बुद्धिबळ’ वाचून हसू आलं. रागावू नका, पण मामानं एवढी साधी थाप मारली आणि तुम्ही दोन वर्षं ती पचवलीत, याचं श्रेय दोघांनाही द्यायला हवं.

सरळ भाषेत सांगतो. शहराच्या या टोकाला चपलांचा एक बंद पडलेला कारखाना आहे. त्याच्या तळघरात दर शनिवारी अकरा माणसं जमतात. प्रत्येकाकडं एक मोडकं यंत्र. कुणाचा मिक्सर, कुणाचा टाइपरायटर, एका बाईचं शिवणयंत्र. त्यांना माइक चिकटवतात आणि सगळ्यांचा आवाज मोठमोठ्या स्पीकरमधून एकदम सोडतात. फासळ्या हलतात. याला संगीत म्हणू नका, ते चिडतात. तिथले नियम तीन. नाव सांगायचं नाही. टाळ्या वाजवायच्या नाहीत. आवाज टिपायचा नाही. म्हणून माझा कॅमेरा मुका आहे, जुना, फिल्मच्या रिळावर चालणारा. कॅमेऱ्याला कुणाला काही सांगायचंच असेल, तर कागदावर लिहायचं आणि समोर धरायचं.

मामाला तिथं ‘पंखेवाले’ म्हणत. पहिल्यांदा मीच घेऊन गेलो होतो, नंतर बोलवावं लागलं नाही. टेबलफॅनची जाळी काढून तो फिरत्या पात्यांना जुनी एक्स-रेची फिल्म लावायचा. अनवाणी, लाकडी फळीवर, डोळे मिटून. आणि हसायचा. तुम्ही त्याला तसं हसताना पाहिलेलं नाही, हे मी पैजेवर सांगतो.

लहानपणी मी दोन सुट्ट्या तुमच्याकडं काढल्या आहेत. तुम्ही इतकं हळू बोलता की त्या घरात माणूस स्वतःच्या चावण्याच्या आवाजानं ओशाळतो. चमचा पडला की तुम्ही काही म्हणायचा नाहीत, नुसतं बघायचात. मामा त्या घरातून दर शनिवारी पळत होता. माझ्या चित्रपटात त्याच्यावर एक पाटी आहे: ‘घरी याचं कोणी ऐकत नाही.’ तुम्हाला लागेल, पण तुमच्यासाठी मी खोटं लिहिणार नाही.

येऊ शकलो नाही याचं कारण देत नाही. माणूस गेल्यावर पांढरे कपडे घालून गोळा होणं मला जमत नाही. माझी पद्धत वेगळी आहे.

फॉर्म पाठवा.

तुमचा भाचा


१४ फेब्रुवारी

चि. भाचेबुवा,

पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा राग आला, दुसऱ्यांदा कीव.

अकरा धडधाकट माणसं शनिवारची दुपार मोडका मिक्सर ऐकण्यात घालवतात. तोच मिक्सर घरात दुरुस्त करून द्या म्हटलं असतं तर त्यांतला एकही जागचा हलला नसता. आणि याला तू समुदाय म्हणतोस. आमच्याकडं काचेच्या बशीत दोन दिवसांत जे जंतू वाढतात त्यांना आम्ही वसाहत म्हणतो. ती वसाहत निदान माझ्याकडं सही मागत नाही.

तुझा मागचा चित्रपट मी तुझ्या आईकडं बसून पाहिला होता. एका भिंतीला ओल चढते, पन्नास मिनिटं. संपल्यावर तुझे वडील म्हणाले, “प्लंबर शेवटी आला की नाही?” सगळे हसले. एकट्या तुझ्या मामांनी उठून तुझी पाठ थोपटली. मला तेव्हा त्यांचा राग आला होता. न कळणाऱ्या गोष्टीला पाठ थोपटायची त्यांना सवयच होती.

ते पंख्याला काय लावत होते आणि अनवाणी उभे होते की चपला घालून, याच्याशी मला काही देणंघेणं नाही. ते माझ्याशी खोटं बोलले, तेवढं कळलं. मी कामाला जाणारी बाई आहे, शनिवारी दुपारी बुद्धिबळाच्या पटावर जाऊन बघत बसणारी नाही.

एकच विचारते. गेली दोन वर्षं त्यांनी माझ्याशी बोलणं जवळपास टाकलं होतं. विचारलं तर मान हलवायचे, तीही कधी हो तर कधी नाही, दोन्हीला अर्थ नसलेली. याचं कारण मला माहीत आहे असं मी समजते. पण ते मला त्यांच्या तोंडून कधी मिळालं नाही. तुझ्याशी, किंवा तुझ्या त्या तळघरात कुणाशी, ते माझ्याबद्दल काही बोलले का? हो किंवा नाही एवढंच लिही. सजावट नको.

फॉर्म टेबलावर आहे. तुझं उत्तर आल्याशिवाय त्याला हात लावणार नाही.

मामी


१८ फेब्रुवारी

मामी,

हो किंवा नाही विचारलंत, तर नाही. तक्रार नाही, कौतुक नाही. तुमचा विषय मी काढला तर तो पंख्याकडं वळायचा. याचा अर्थ तुमचा तुम्ही लावा.

मात्र एकदा तो कॅमेऱ्याशी बोलला, म्हणजे कागदावरून. गेल्या नोव्हेंबरात. रीळ संपत आलं होतं. मामानं पंखा बंद केला, समोर आला, खिशातून चार घड्या घातलेला कागद काढला आणि छातीशी धरला. मला वाटलं दोन ओळी असतील. तर चित्र! चौकटींच्या कागदावर एक डोंगर, डावीकडून उजवीकडं उतरत गेलेला. रेघा दोन. एकीवर छोटे गोळे, दुसरीवर फुल्या. कडेला काहीतरी खरडलेलं होतं, ते मी वाचत बसलो नाही, मी आकार बघत होतो. गोळा म्हणजे शून्य, रितेपण. फुली म्हणजे नकार. दोघं शेजारीशेजारी खाली उतरत जातात आणि शेवटपर्यंत एकमेकांना भेटत नाहीत. एका संसाराचं याहून नेमकं चित्र मी पाहिलेलं नाही. आयुष्यभर लोकांचे कान तपासणारा माणूस, आणि आत हा चित्रकार दडलेला!

तिथंच ठरवलं, चित्रपट याच्यावर संपवायचा. फक्त फिल्म पलटून कागद डावा-उजवा उलटा दाखवायचा, म्हणजे डोंगर चढेल. मामाला मी तेवढं तरी देऊ शकतो.

तुम्ही म्हणता कारण तुम्हाला माहीत आहे. आम्हालाही माहीत आहे. आजीला शेवटच्या दिवसांत तुमच्याकडं राहायचं होतं आणि तुम्ही ठेवून घेतलं नाहीत. ती आमच्या घरी वारली. मामा तेव्हापासून आतून मिटला, असं आई म्हणते. मी तिच्या बऱ्याच गोष्टींशी सहमत नसतो, याच्याशी आहे.

तुमचा भाचा


२० फेब्रुवारी

हे कुरिअरनं पाठवतेय. टपालाइतका धीर मला नाही.

तो डोंगर नाही. तो कानाच्या तपासणीचा आलेख आहे. गोळे म्हणजे उजवा कान. फुल्या म्हणजे डावा. डावीकडून उजवीकडं आवाज जाड ते बारीक होत जातो. वरून खाली तो किती मोठा केल्यावर ऐकू आला ते मोजतात. रेघ जितकी खाली, तितका माणूस बहिरा. तुझ्या मामांनी तीस वर्षं रोज असे कागद काढले. बिघडलेले कागद ते घरी आणायचे, सामानाच्या याद्या आम्ही त्यांच्याच पाठीवर लिहायचो. दुसरीतलं पोर असतं तर त्यानं विचारलं असतं, “मामा, हे काय आहे?” तू विचारलं नाहीस. तुला शून्य दिसलं, नकार दिसला, माझा संसार दिसला. समोर धरलेला कागद तेवढा दिसला नाही. आणि तू स्वतःला लोकांचं दस्तऐवजीकरण करणारा म्हणवतोस.

पेशंटचा कागद ते कधी खिशात घेऊन फिरले नाहीत. तो कुणाचा होता ते मला बघायचं आहे. वरच्या उजव्या कोपऱ्यात नाव आणि तारीख असते. तळाला ‘सल्ला’ अशी एक ओळ असते. यातलं काय दिसतं ते मी बघेन, तू बघू नकोस. तुझ्या बघण्यावर माझा भरवसा राहिलेला नाही.

ते रीळ ताबडतोब पाठव. सासूबाईंबद्दल तू जे लिहिलंस त्याचं उत्तर रीळ आल्यावर देईन.

मामी


२२ फेब्रुवारी

मामी,

तुमचा कुरिअरवाला सही घेऊन गेला तेव्हापासून मी बसून आहे.

रीळ माझ्याकडं नाही. म्हणजे आहे, पण जमिनीत आहे.

माझी पद्धत अशी की रीळ मी स्वतः धुतो आणि छिद्रं पाडलेल्या डब्यात घालून पुरतो. माती फिल्मवर आपलं काम करते. डाग पडतात, जाळी चढते, कुठं कुठं रंग येतो. भूमिगत लोकांचा चित्रपट जमिनीनंच पुरा करावा, अशी त्यामागची कल्पना. प्रत मी काढत नाही. प्रत काढणं हा भित्रेपणा आहे, असं मी एका मुलाखतीत बोललो होतो. लोकांना ते आवडलं होतं.

मामा गेल्याचा निरोप मिळाला, त्याच्या तिसऱ्या दिवशी मी मित्राच्या रोपवाटिकेत गेलो आणि ते रीळ खताच्या वाफ्यात पुरलं. तीन महिन्यांनी काढणार होतो. तुम्ही लिहिलंत ना, तू आला नाहीस. मी तिकडं होतो. तुमच्या घरात आईशेजारी बसण्यापेक्षा मला ते खरं वाटलं. आज एक्केचाळीस दिवस झाले.

मातीमुळं किती गेलं असेल मला माहीत नाही. आजवर जितकं जास्त जाईल तितका मी खूष व्हायचो. आता खणायला हात धजत नाही. काय करू ते सांगा.

भाचा


२४ फेब्रुवारी

चि. भाचेबुवा,

नमुने नेणारी आमची गाडी उद्या तुमच्या बाजूच्या दवाखान्यात येते. ड्रायव्हरकडं हे पत्र आणि फॉर्मॅलिनची एक बाटली दिली आहे. बाटली उघडून हुंगू नकोस. तुझा स्वभाव ओळखून लिहितेय.

फिल्मवर चित्र ज्या थरात असतं तो जिलेटिनचा असतो. जंतूंना आणि बुरशीला जिलेटिन आवडतं. पंचवीस वर्षं मी पगार घेऊन त्यांना असंच काहीबाही खाऊ घालते. तू तुझ्या मामांना त्यांच्या पुढ्यात वाढलंस, वर खत घातलंस, आणि त्याला कल्पना म्हणतोस.

आता नीट वाच. हातानं खण, फावडं लावू नकोस. डबा निघेल तसा थंड पाण्याच्या बादलीत सोड. वाळू द्यायचं नाही. वाळलं की वेढे एकमेकांना चिकटतील आणि सोडवताना चित्र सोलून येईल. पुसायचं नाही. कोमट पाणी मुळीच नको, सगळं विरघळेल. पाणी तीनदा बदल. मग दुसऱ्या बादलीत दर लिटरला बाटलीतले दोन चमचे घाल, खिडक्या उघड, आणि रीळ त्यात दहा मिनिटं ठेव. त्यानं थर घट्ट होतो. पुन्हा साधं पाणी. मग पाण्यातच सावकाश उलगड. बाहेरचे वेढे गेलेले असतील, त्यांच्यावर रडत बसू नकोस. शेवटचं दृश्य गाभ्याशी असणार. मला तेवढंच हवं आहे.

सासूबाईंचं. तुझी आई म्हणते ते खोटं नाही. त्यांना आमच्याकडं राहायचं होतं. मी म्हटलं, मी नोकरी सोडणार नाही, मग दिवसभर त्यांच्याजवळ कोण बसेल. तुझी आई त्यांना घेऊन गेली. पाच महिन्यांनी त्या तिकडंच वारल्या. तुझे मामा मला एका शब्दानं बोलले नाहीत. ते बोलले असते तर मी भांडले असते, आणि भांडण संपलं असतं.

दोन वर्षांनी, एका जानेवारीत, संध्याकाळी भांडी घासताना मी म्हटलं, “माझं चुकलं. आईंना इथंच ठेवायला हवं होतं.” ते माझ्या पाठीमागं टेबलाशी बसले होते. एवढं बोलायला मला दोन वर्षं लागली होती. नळ बंद करून वळले, तर ते उठून गेलेले. बाहेरच्या खोलीतला दिवा मालवला होता. हेच त्यांचं उत्तर, असं मी समजले. त्यानंतर मीही कामापुरतंच बोलले. खुनशी माणूस, असं मी त्यांना मनात म्हणायचे. डबा भरताना म्हणायचे, कपडे घड्या करताना म्हणायचे. ते गेले त्या दिवशी सकाळीही म्हटलं होतं.

त्या जानेवारीला आता दोन वर्षं झाली. कागदावरची तारीख तिच्या आधीची की नंतरची, एवढंच मला बघायचंय.

मी स्वतः आले असते. पण हे तुझ्यासमोर उभं राहून बोलायची माझी तयारी नाही. लिहायला जमतं.

मामी


३ मार्च

मामी,

सांगितलंत तसंच केलं, एकही पायरी गाळली नाही. दोन दिवस लागले.

अकरा मिनिटांच्या रिळातली साडेतीन उरली. बाहेरचे वेढे बादलीत नुसता चिखल होऊन आले. शिवणयंत्रवाली बाई गेली. मामाचा पंखा गेला. तो हसतो ते सगळंच्या सगळं गेलं, आणि ते मी दुसऱ्या कुठल्याच रिळावर घेतलेलं नाही. शेवटचं दृश्य आहे. त्यातही हनुवटीच्या वर मातीनं सगळं खाल्लंय. चेहरा नाही. छाती, दोन हात आणि कागद आहे.

कागदावर काय आहे ते मी वाचलेलं नाही. प्रोजेक्टरमध्ये घातलं तर फाटेल. भिंग हातात घेतलं होतं, परत ठेवलं. तो तुकडा गुंडाळून तुमच्या ड्रायव्हरकडं दिला आहे. ड्रायव्हर म्हणाला, “रक्त आहे का लघवी?” मी म्हटलं, मामा आहे. त्यानं तो नमुन्यांच्या पेटीत न टाकता शेजारच्या सीटवर ठेवला.

दुसरी एक गोष्ट सांगायची आहे. तळघरात मामाला काही विचारलं की तो भलतंच उत्तर द्यायचा. ‘चहा घेणार का?’ म्हटलं तर ‘मंगळवारी.’ ‘पंखा तापला का?’ म्हटलं तर ‘ती बरी आहे.’ सगळे खूष व्हायचे. आम्हाला वाटायचं हा आमच्यातला सगळ्यात पुढं गेलेला माणूस, भाषाच मोडून टाकतो. एकजण तर त्याची नक्कल करायला लागला होता. मी त्या उत्तरांची वही ठेवली होती, चित्रपटात पाट्या म्हणून वापरणार होतो. परवा ती पुन्हा वाचली. तो आमचे ओठ बघून अंदाजानं बोलत होता, मामी. बाकी त्यात काही नव्हतं.

‘ती बरी आहे’ हे उत्तर त्या वहीत सात वेळा आहे. त्या सातही वेळा तुमच्याबद्दल कुणी विचारलेलं नव्हतं.

पाटी मी काढतो. तुम्ही सही करू नका. केलीत तर का केलीत हे मला कळणार नाही.

भाचा


८ मार्च

चि. भाचेबुवा,

तुकडा पोचला. आज सुटी, तरी सकाळी प्रयोगशाळेत गेले. रखवालदारानं विचारलं, “बाई, आज?” मी म्हटलं, एक नमुना राहिलाय. मायक्रोस्कोपला सगळ्यात लहान भिंग लावून फिल्मची एकेक चौकट सरकवत पाहिली. जेमतेम नऊ चौकटी वाचता येतात.

नाव त्यांचंच आहे. अक्षरही त्यांचंच, म्हणजे दवाखाना बंद झाल्यावर स्वतःच स्वतःला तपासलेलं. तारीख ऑक्टोबरातली. मी भांडी घासत होते त्याच्या तीन महिने आधीची. बारीक आवाजाला उजवा कान सत्तर डेसिबलवर, डावा पंचाहत्तरवर. नळ चालू असताना, पाठमोऱ्या बाईचं माझ्यासारखं बोलणं त्या कानांना ऐकू जाणं शक्य नाही. हे मी मनाची समजूत म्हणून लिहीत नाही. आकडे आहेत.

याचा अर्थ त्यांनी मला माफ केलं होतं असा नाही. ते मला आता कधीच कळणार नाही. अर्थ एवढाच, की मी बोललेच नव्हते. जे उत्तर धरून मी दोन वर्षं त्यांना तुच्छ मानलं, ते त्यांनी दिलेलं नव्हतं.

डावीकडं, जाड आवाजाच्या बाजूला, रेघ अजून बरीच वर आहे. तुमचा खडखडाट त्यांना ऐकू येत होता, पायाखालच्या फळीतूनही येत होता. म्हणून ते तिथं यायचे. तुमच्या कलेसाठी येत नव्हते. आणि त्यानं उरलेले कानही गेले असणार, हे त्यांच्याइतकं दुसऱ्या कुणाला ठाऊक नव्हतं.

तळाची ओळ तीनच चौकटींत शाबूत आहे. दर पेशंटला लिहायचे तेच लिहिलंय. ‘सल्ला: घरच्यांनी समोर येऊन बोलावे.’ तीस वर्षं हे लोकांना लिहून देणारा माणूस. तो कागद दोन वर्षं खिशात घेऊन फिरला, आणि दाखवला कुणाला, तर ज्याला तो वाचता येत नव्हता त्याला. घाबरट. याहून सौम्य शब्द मला सापडत नाही. आणि मी घरचीच होते. समोर येऊन बोलायला मला कुणाचा सल्ला लागायला नको होता. तेव्हा तोच शब्द मी स्वतःलाही लावते, आणि तुलाही.

सही केली आहे, तुकडाही सोबत परत पाठवतेय. कागद सुलटा दाखव. त्या नऊ चौकटी इतका वेळ थांबव की ज्याला कळतं त्याला शेवटपर्यंत वाचता येईल. खाली तुझं एक अक्षर नको. वही मला पाठव, मूळ वही, प्रत नको. चित्रपट बघायला मी येणार नाही. भिंत पाहिली तेवढी पुरे.

बाकी आज विशेष काही नाही. परत आल्यावर पलंगावरची गादी उलटी करायला घेतली. सहा महिन्यांनी करावी लागते, नाहीतर कापूस एका जागी बसतो. एकटीनं ती उचलत नाही. आधी एक कोपरा ओढला, मग भिंतीला टेकवून उभी केली, मग पाठ लावून ढकलली. अर्धा तास गेला. चादर घातली, चारी कोपरे आत खोचले.

मामी